मढी उठवणाऱ्यापेक्षा गोड बोलणारा विझर्ड जास्त डेंजर

डंजन्स अँड ड्रॅगन्स हा टेबलाभोवती बसून, एकेक पात्र घेऊन फाशांवर खेळायचा गोष्टीचा खेळ, त्याच्या कुठल्याही टेबलावर कुणी सांगितलं की माझा विझर्ड, म्हणजे जादूगार, नेक्रोमन्सर आहे, की बाकीच्यांच्या भुवया लगेच वर जातात. पॅलाडिनवाला, म्हणजे धर्मयोद्धा खेळणारा, म्हणतो मी ह्याच्याबरोबर एका तंबूत झोपणार नाही, क्लेरिकवाली, म्हणजे पुजारीण खेळणारी, म्हणते आमच्या देवाला चालत नाही, आणि गावात शिरायच्या आधी त्याचे सांगाडे वेशीबाहेर उभे करायला लावतात. त्याच टेबलावर दुसरा कुणी म्हणाला माझा एन्चान्टर आहे, तर सगळे खूश, अरे वा, मग बोलणी-बिलणी तूच कर. मला हे कधी पटलेलं नाही. नेक्रोमन्सर बिचारा जे मेलंय त्याच्याशी खेळतो, त्या हाडांना आता कशाचं काही पडलेलं नसतं. एन्चान्टर जिवंत माणसाच्या डोक्यात हात घालतो आणि त्या माणसाला वाटत राहतं की हे सगळं आपल्याच मनाने चाललंय.

मी बरीच वर्षं डीएम म्हणून खेळ चालवते, म्हणजे गोष्ट सांगायची आणि सराईवाल्यापासून ड्रॅगनपर्यंत बाकी सगळ्यांची सोंगं आपणच काढायची. सध्याच्या कॅम्पेनमध्ये, म्हणजे बैठकीमागून बैठक चालणाऱ्या एका सलग गोष्टीत, एकाचा एन्चान्टर आहे, अनुभवाच्या तेराव्या पायरीला, म्हणजे लेव्हलला, पोचलाय, त्यामुळे ह्या एका विद्येचे नियम मी इतक्या वेळा उघडून वाचलेत की आता पुस्तक आपोआप त्याच पानावर उघडतं. आणि जितकं वाचते तितकं वाटतं की नियम लिहिणाऱ्यांनाही हिची थोडी धास्ती असावी.

ज्यांनी खेळ पाहिला नाही त्यांच्यासाठी पटकन. खेळात जादूचे आठ प्रकार आहेत, त्यांना स्कूल म्हणतात, पण शाळा-बिळा नाही, शाखा समजा. आग आणि वीज फेकणारी एव्होकेशन, भास उभे करणारी इल्यूजन, मेलेल्यांच्या मागे लागलेली नेक्रोमन्सी, अशा. त्यातली एन्चान्टमेंट, मी पुढे मोहिनीच म्हणणार आहे, ही फक्त मनावर चालते. लोक इल्यूजनशी हिची गल्लत करतात. इल्यूजन तुमच्यासमोर खोटी भिंत उभी करते, तुम्हाला शंका आली तर तुम्ही हात लावून बघता आणि हात आरपार जातो, झालं, कळलं. मोहिनीत भिंत जिथल्या तिथे असते, बदललेले तुम्हीच असता, मग हात लावून बघणार कोण?

आता इतिहास थोडा, कारण त्यातच गंमत आहे. १९७४ साली गॅरी गायगॅक्स आणि डेव्ह आर्नेसन यांचा हा खेळ आला तेव्हा चार्म पर्सन ह्या स्पेलला, म्हणजे माणसाला वश करणाऱ्या मंत्राला, वेळेची मर्यादाच नव्हती. एकदा लागला की माणूस पूर्णपणे तुमच्या ताब्यात, कुणीतरी येऊन जादू मोडेपर्यंत. पहिल्या लेव्हलचा स्पेल हा (स्पेलच्या लेव्हल वेगळ्या, एक ते नऊ), नवशिक्या विझर्डच्या हातातला! नंतर १९७८ च्या नियमांत त्याला मुदत आली पण ती बळीच्या बुद्धीवर ठरायची, म्हणजे हुशार माणसाला एक-दोन दिवसांनी पुन्हा फासा टाकून सुटायची संधी, साधारण बुद्धीच्या माणसाला तीन आठवड्यांनी आणि अगदी मठ्ठ असला तर तीन महिन्यांनी. हे वाचल्यावर मी जरा थांबलेच, कारण ह्याचा सरळ अर्थ असा की जो आधीच दुबळा त्याच्यावर सगळ्यात जास्त दिवस राज्य. २००० सालच्या नियमांत विझर्डच्या प्रत्येक लेव्हलमागे एक तास झाला आणि २०१४ मध्ये सरसकट एक तास. पन्नास वर्षं हा एक स्पेल नुसता आखूड होत गेलाय. फायरबॉल बघा, थोडंफार इकडेतिकडे झालं असेल पण तो अजून फायरबॉलच आहे, मोठ्ठा गोळा आणि सगळं भस्म. आणि २०२४ ला नवे नियम आले त्यात मुख्य पुस्तकात विझर्डच्या चारच शाखा ठेवल्या, ॲब्ज्युरर (संरक्षणवाला), डिव्हायनर (भविष्य बघणारा), एव्होकर आणि इल्यूजनिस्ट. एन्चान्टर नाही. स्पेल सगळे जागेवर आहेत, फक्त त्यात पारंगत होण्याचा रस्ता त्या पुस्तकात नाही. कारण साधं जागेचं असेल बहुतेक, पण मी वाचून हसले.

२०१४ च्या चार्म पर्सनमध्ये एक छोटं वाक्य आहे आणि माझ्या मते अख्ख्या विद्येवरचा लगाम तेवढाच आहे. स्पेल संपला की समोरच्याला कळतं की तुम्ही त्याच्यावर मोहिनी घातली होती. बास. एक तास तो तुम्हाला चांगला ओळखीचा मित्र समजतो, तुम्ही मागाल ती माहिती देतो, दार उघडतो, आणि मग तास संपतो आणि त्याला सगळं आठवतं. काय बोललो, कुणाला बोललो, का बोललो. फ्रेंड्स नावाचा त्याहून फुटकळ स्पेल आहे, जेमतेम एक मिनिट टिकतो, तो संपला की समोरचा सरळ शत्रूच होतो तुमचा. म्हणजे खेळ सांगतोय, कर बाबा, पण बिल येणार आहे.

आमच्या एन्चान्टरने सुरुवातीला हे बिल फारसं मनावर घेतलं नव्हतं. एका सराईवाल्यावर चार्म टाकला, कोपऱ्यातल्या खोलीत कोण उतरलंय ते विचारून घेतलं, पार्टी, म्हणजे प्लेयरांची टोळी, तिकडे गेली, मारामारी झाली, खजिना मिळाला, सगळे आनंदात. मी काहीच बोलले नाही. पुढच्या वेळी ते त्याच गावात परत आले तर सराई बंद, बाजारात कुणी बोलेना, लोहार म्हणाला हत्यार हवं तर पैसे उंबऱ्यावर ठेवा आणि मागे सरका, आणि तुमच्या त्या जादूगाराने माझ्याशी बोलताना तोंडावर फडकं बांधायचं. प्लेयर वैतागले, एवढं काय झालं, आपण गावातल्या कुणाला मारलं नाही, त्यांचं एक तांब्याचं नाणं चोरलं नाही. तेव्हा मी सराईवाल्याच्या तोंडून एवढंच म्हणाले की मी त्या बाईला शब्द दिला होता, तिचं नाव कुणाला सांगणार नाही म्हणून, आणि मी तो मोडला, हसत हसत मोडला, मला बरं वाटत होतं मोडताना. टेबल गप्प झालं थोडा वेळ. मग पॅलाडिनवाल्याने खिशातलं सोनं काढायला सुरुवात केली, जणू काही त्याने भरून येणार होतं.

आता ज्यांना वाटतं की मनाची ताकद असली की माणूस टिकतो, त्यांच्यासाठी थोडं गणित. मोहिनी परतवायला वीस बाजूंचा फासा टाकायचा आणि विझर्डचा आकडा गाठायचा. पहिल्या लेव्हलच्या बऱ्यापैकी हुशार विझर्डचा आकडा १३ असतो. साध्या गावकऱ्याला फाशात काहीच अधिक मिळत नाही, म्हणजे १३ किंवा वर पडायला हवेत, म्हणजे दहातले सहा गावकरी जातात. हा नवशिका झाला. सतराव्या लेव्हलच्या विझर्डचा आकडा सहज १९ असतो, तिथे दहातला एक वाचतो. आणि फासाच तो, त्यात त्या वाचलेल्याची काही पुण्याई नाही. तुम्ही मनाने कणखर म्हणून वाचलात असं खेळात फारच थोड्यांना म्हणता येतं. एल्फ लोकांना मोहिनीविरुद्ध दोनदा फासा टाकायला मिळतो, आणि डिव्होशनची शपथ घेतलेल्या पॅलाडिनच्या आसपास दहा फुटांत सातव्या लेव्हलपासून मोहिनी चालतच नाही, बाकी पब्लिक रामभरोसे.

सगळ्यात भीतीदायक म्हणून लोक डॉमिनेट पर्सनचं नाव घेतात, माणूस बाहुल्यासारखा नाचवता येतो ना. मला उलट तो सगळ्यात कमी डेंजर वाटतो. एक मिनिट टिकतो, विझर्डला त्यावर सतत लक्ष ठेवावं लागतं, माणसाला मार बसला की पुन्हा सुटायची संधी मिळते, आणि मुख्य म्हणजे बाजूच्यांना दिसतं. आपला मित्र अचानक आपल्यावर तलवार काढून धावला तर काहीतरी झालंय हे कळायला फार अक्कल लागत नाही. ज्या जबरदस्तीचा आवाज होतो तिच्यावर उपाय होतो.

सजेशन बघा त्याऐवजी. दुसऱ्या लेव्हलचा, आठ तासांपर्यंत टिकतो, एक-दोन वाक्यांत काहीतरी सुचवायचं आणि ते वाजवी वाटेल असं मांडायचं, की समोरचा ते करायला लागतो. २०१४ च्या नियमांत उदाहरण दिलंय की एखाद्या सरदारणीला सुचवायचं की पहिला भिकारी भेटेल त्याला तुझा लढाईचा घोडा देऊन टाक. ह्या 'वाजवी' वरून जगभरच्या टेबलांवर जितकी भांडणं झाली असतील तितकी ड्रॅगनवरून झाली नसतील. पण माझा मुद्दा दुसराच आहे. चार्म पर्सनमध्ये ते जे वाक्य आहे, की नंतर कळतं, ते सजेशनमध्ये नाहीच. सरदारीण घोडा देऊन घरी येईल आणि स्वतःलाच समजावेल की मला त्याची दया आली. माणसं आपण केलेल्या गोष्टींना कारण शोधतातच, जादू नसताना पण शोधतात, मग जादूगाराला तिथे वेगळं काही करायची गरजच काय. हाच स्पेल मोठा करून सहाव्या लेव्हलला मास सजेशन होतो, बारा जणांवर एकदम, पूर्ण दिवसभर, आणि त्यावर लक्ष ठेवत बसायची पण गरज नाही. विझर्डला दिवसाला मोजकेच स्पेल टाकता येतात, त्यातल्या एकेका वाट्याला स्लॉट म्हणतात, इथे नवव्या लेव्हलचा स्लॉट घातला तर एक वर्ष आणि एक दिवस. बारा माणसं म्हणजे एखाद्या राज्याचं अख्खं मंत्रिमंडळ झालं. सैन्य कशाला पाहिजे मग.

क्रूर म्हणायचं तर गीअस. पाचव्या लेव्हलचा, तीस दिवस, एक आज्ञा द्यायची आणि ती मोडली की मनावर घाव, दहा बाजूंचे पाच फासे टाकून येईल तेवढा, दिवसातून एकदा. जीवच जाईल असली आज्ञा दिली तर स्पेल तुटतो अशी सोय ठेवलीय, म्हणजे लिहिणाऱ्यांना वाटलं असेल आपण माणुसकी दाखवली. पण पाच फासे म्हणजे कमीत कमी पाच नुकसान आणि खेळात साध्या गावकऱ्याचा जीव असतो चार. म्हणजे गावकऱ्याला तुम्ही 'रोज सकाळी माझं अंगण झाड' एवढीच निरुपद्रवी आज्ञा द्या, त्याने एक दिवस ठरवून नाही म्हटलं की तो पडलाच. योद्धा असता तर दात खाऊन सोसला असता. परत तेच, दुबळ्याला पर्याय नाही.

आणि फीबलमाइंड, आठव्या लेव्हलचा. बुद्धी आणि व्यक्तिमत्त्व दोन्ही खाली १ वर येतात, माणसाला भाषा कळत नाही, बोलता येत नाही, पण आपली माणसं ओळखता येतात आणि तो त्यांच्या मागे मागे चालू शकतो, त्यांना वाचवायला मध्ये पडू शकतो. दर तीस दिवसांनी सुटायची एक संधी. ऐकायला ठीक वाटतं ना? आता हिशोब करा. बुद्धी १ असली की फाशातून ५ वजा होतात, म्हणजे वीस पडले तरी पंधरा. आणि जो विझर्ड आठव्या लेव्हलचा स्पेल टाकतोय त्याचा आकडा १८ च्या आसपास असतो. ज्याने मुळात बुद्धीचा अभ्यास केलेला नाही असा फायटर, म्हणजे साधा योद्धा, तो आकडा कधीच गाठणार नाही, दर महिन्याला फासा टाकायचा आणि दर महिन्याला हरायचं, जोपर्यंत कुणी मोठी बरं करणारी जादू घेऊन येत नाही. हे मला कळलं त्या दिवसापासून हा स्पेल मी कुठल्याच खलनायकाला दिलेला नाही. २०२४ मध्ये त्याचं नाव बदलून बिफडलमेंट झालंय.

पण ह्या सगळ्याच्या वरचा नंबर मी मॉडिफाय मेमरीला देईन. गेल्या चोवीस तासांतली दहा मिनिटांपर्यंतची एखादी आठवण पुसायची, बदलायची, किंवा न घडलेलं घडलं असं घालायचं, मोठा स्लॉट वापरला तर मागे मागे जाता येतं, नवव्या लेव्हलला आयुष्यातली कुठलीही दहा मिनिटं. कुठलीही. विचार करा कुठली दहा मिनिटं काढली तर तुम्ही तुम्ही राहणार नाही. उपाय तसा आहे, तिसऱ्या लेव्हलचा रिमूव्ह कर्स टाकला तरी खरी आठवण परत येते, एखाद्या बऱ्या देवळातला क्लेरिक करून देईल. फक्त तो करून घ्यायला आधी तुम्हाला संशय यायला पाहिजे, आणि संशय ज्या आठवणीतून आला असता तीच नेलेली असते. डिटेक्ट मॅजिक टाकून जादूचा अंश दिसतो, तो कुठल्या शाखेचा तेही कळतं, पण स्पेल चालू असेल तोपर्यंत. संपल्यावर माणसाच्या अंगावर खूण काही उरत नाही.

माझ्या एका प्लेयरने, वकिली डोक्याचा आहे तो, ह्यावर तोडगा काढला होता की कोर्टात झोन ऑफ ट्रुथ टाका, त्या वर्तुळात कुणाला जाणूनबुजून खोटं बोलता येत नाही. हो, पण आठवण बदललेला साक्षीदार खोटं बोलतच नाहीये. त्याला जे आठवतंय ते तो प्रामाणिकपणे सांगतोय. तो त्या वर्तुळात उभा राहून डोळ्यांत पाणी आणून सांगेल की खून मी पाहिला, आणि जादू म्हणेल बरोबर आहे. उलट आता ती खोटी साक्ष पक्की झाली, कोर्टाचा शिक्काच बसला. आणि मजा म्हणजे झोन ऑफ ट्रुथ हा पण मोहिनी शाखेचाच स्पेल आहे. चोराच्या हाती जामदारखान्याच्या किल्ल्या म्हणतात तसलं झालं. ज्या जगात ही विद्या खरंच आहे तिथे प्रत्येक मृत्युपत्र, प्रत्येक तह, प्रत्येक लग्न ह्यावर प्रश्न उभा राहतो, सही करताना डोकं ह्याचंच होतं ना? मी माझ्या जगात नियम टाकलाय की मोठ्या कागदावर सही करायची तर पॅलाडिनच्या दहा फुटांत बसूनच करायची, वैध ठरायची अटच ती. त्यामुळे त्या जगातले पॅलाडिन राक्षस मारायचे सोडून दिवसभर रजिस्ट्रारसारखे बसलेले असतात आणि फार चिडचिडे झालेत.

तर ही विद्या शिकवणारी शाळा कशी असेल, हा प्रश्न मला मग स्वस्थ बसू देईना, म्हणून मी कॅम्पेनमध्ये एक गुरुकुल घातलं. आता आग फेकायला शिकणारी मुलं गवताच्या पुतळ्यावर सराव करतात. मोहिनी शिकणारी मुलं कशावर करणार? पुतळ्याला मन नाही. म्हणजे एकमेकांवर. सकाळी तू माझ्यावर, दुपारी मी तुझ्यावर. पहिल्या वर्षाची मुलं फ्रेंड्स शिकतात आणि दिवसातून चारदा एकमेकांचे शत्रू होतात, वसतिगृहात सारखी मारामारी, ते एक वेळ विनोदी आहे. पण तिसऱ्या वर्षापर्यंत कुणालाच सांगता येत नाही की माझी जी जिवलग मैत्रीण आहे ती मुळात मैत्रीण कशी झाली. आणि गुरूंना विरोध करावासा वाटत नाही हा आदर आहे की काय आहे, हे तर कुणी तपासायचंच नाही.

शाळेने, म्हणजे मीच, ह्यावर बंदोबस्त म्हणून एक लोखंडी गोलेम ठेवलाय. गोलेमवर मोहिनी चालत नाही, खेळाचा नियमच आहे तो. प्रत्येक विद्यार्थी रोज रात्री दिवसभरात काय झालं त्याची चिठ्ठी लिहून पेटीत टाकतो, पेटी गोलेम राखतो, तो कुणालाही ती उघडू देत नाही, आणि वर्षाच्या शेवटी ज्याच्या चिठ्ठ्या त्याला मिळतात, आठवणीशी ताडून बघायला. शाळेला ह्या व्यवस्थेचा फार अभिमान, आल्या-गेल्या पाहुण्याला आधी गोलेम दाखवतात. माझ्या प्लेयरनी पेटी कशी फोडायची ह्याचे प्लॅन करण्यात अख्खं सेशन घालवलं. शेवटी फोडली आणि आत सगळ्या चिठ्ठ्या जशाच्या तशा, अस्सल, ज्याच्या त्याच्या हस्ताक्षरात, आणि एकाच रात्रीच्या सगळ्या चिठ्ठ्यांत अक्षरशः एकच वाक्य. पेटीला कुणी हातच लावला नव्हता. लावायची गरजच नव्हती, लिहिणारे हात ताब्यात असले की पेटी कितीही भक्कम असू दे.

आणि गोलेम बनवणाऱ्याचा हुकूम मानतो. तो बनवला कुणी, हे अजून एकाही प्लेयरने विचारलेलं नाही, इथे लिहितेय खरी पण त्यांच्यातलं कुणी माझं लिखाण वाचत नाही हा अनुभव आहे.

चौदाव्या लेव्हलला एन्चान्टरला जे मिळतं त्यामुळे मला हे सगळं लिहावंसं वाटलं खरं तर. २०१४ च्या नियमांत त्याला नाव आहे ऑल्टर मेमरीज. तुम्ही मोहिनी घातलेल्यांपैकी एकाला कळतच नाही की त्याच्यावर मोहिनी घातली गेली. वर त्या वेळातले काही तास विसरायला पण लावता येतात, तिथे त्याला बुद्धीचा एक फासा मिळतो वाचायला, पण पहिल्या भागाला तोही नाही. म्हणजे मघाशी मी म्हटलं ना की एक लगाम आहे, स्पेल संपला की कळतं, तो लगाम चौदाव्या लेव्हलला बक्षीस म्हणून सोडून देतात. दुसऱ्या लेव्हलला मिळालेली टक लावून गुंगवणारी नजर, दहाव्याला एका स्पेलमध्ये दोन माणसं पकडायची युक्ती, ह्या सगळ्या गोष्टी ताकद वाढवतात, हे कळतं मला. ही एकच गोष्ट हिशोबाची वही जाळते.

आमचा एन्चान्टर वाईट नाही हां. उलट पार्टीत सगळ्यात दयाळू तोच आहे, लढाई टाळायची म्हणून तो हे करतो. नियमांतही लिहिलंय की काही एन्चान्टर हिंसक लोकांना शस्त्रं खाली ठेवायला लावणारे शांतिदूत असतात, काही जुलमी असतात आणि बहुतेक मध्ये कुठेतरी. मला वाटतं ह्या मध्ये कुठेतरीचा उतार गुळगुळीत आहे. डाकूंना घरी पाठवलंस, चांगलं केलंस. मग पैसे जास्त मागणाऱ्या नावाड्याला पटवलंस, ठीक. मग पार्टीत वाद झाला तेव्हा तुझा हात जादूच्या काठीकडे गेला होता, मी बघितलं. तो नाही म्हणाला. पण गेला होता. त्याच्याबरोबर एक वाटाडी आहे, एनपीसी, म्हणजे कुठल्या प्लेयरचं नसलेलं पात्र, मीच तिला चालवते, पहिल्या भेटीत त्याने तिच्यावर चार्म टाकला होता, तिला कळलं, ती चिडली, मग पुढे खूप काही झालं आणि ती परत आली. परवा त्याने मला सेशन संपल्यावर विचारलं की ती आता माझ्याबरोबर आहे ती खरंच स्वतःहून आहे ना. मी म्हटलं हो. पण त्याने विचारलं ह्यातच आलं सगळं. त्याला डीएम तरी आहे विचारायला, त्याच्या कॅरेक्टरला कोण आहे? ज्याला कुणालाही राजी करता येतं त्याला कुणाच्याही होकारावर विश्वास ठेवता येत नाही, आणि मी अजून असा एकही म्हातारा एन्चान्टर रंगवू शकले नाहीये ज्याचं घर भरलेलं आहे.

टेबलाच्या बाजूचं पण लिहिते, कारण नवे डीएम विचारतात. एनपीसीवर मोहिनी घालून शरीरसुख वगैरे प्रकार माझ्याकडे चालत नाही, पहिल्याच बैठकीत, सेशन झिरोला, सांगते, आणि कुणी म्हणालं की नियमात तर बसतंय तर त्याला सांगते की दुसरं टेबल बघ. एक्स-कार्ड टेबलावर असतंच, जॉन स्टॅव्ह्रोपूलोसची कल्पना आहे ती, एक कार्ड ठेवायचं आणि कुणाला काही सहन होईना तर त्याने बोट ठेवायचं, कारण विचारायचं नाही, तो भाग गाळून पुढे. मोहिनीच्या गोष्टींत ते जास्त लागतं. तलवारीने हात तुटला तर लोक हसतात पण स्वतःच्या मनावरचा ताबा गेल्याचं कुणाला कुठे लागेल सांगता येत नाही.

आणि प्लेयरच्या कॅरेक्टरवर डॉमिनेट बसला तर मी त्याच्या हातातून कॅरेक्टर काढून घेत नाही. चिठ्ठी देते, 'तुला आता हे हवंय' एवढीच, आणि म्हणते तूच खेळ. असं केलं की लोक भयानक चांगलं खेळतात, स्वतःच्याच मित्रांना फसवायला जे काही सुचतं ना त्यांना, माझ्या डोक्यात आलं नसतं. क्लेरिकवाली एकदा अख्खा अर्धा तास गोड बोलून सगळ्यांना चुकीच्या दारातून घेऊन गेली आणि नंतर म्हणाली की मला मधेमधे खरंच वाटत होतं तेच दार बरोबर आहे. एकमेकांच्या कॅरेक्टरवर मोहिनी मात्र बंद, विचारून सुद्धा नाही, कारण विचारल्यावर आलेला हो आणि मोहिनीतला हो ह्यातला फरक टेबलावर सांभाळत बसायची माझी तयारी नाही.

चौदावी लेव्हल पुढच्या महिन्यात येईल बहुतेक. मी ठरवलंय की ऑल्टर मेमरीज जसं लिहिलंय तसंच देणार, कापणार नाही, फक्त प्रत्येक वेळी ते वापरलं की मी माझ्या वहीत नोंद करणार आणि ती नोंद त्याला दाखवणार नाही. तो म्हणाला हे फाउल आहे. मी म्हटलं बघ, आता तुला कळलं. सध्या तो गोलेमवर चार्म टाकून बघतोय, नियम माहीत असून, फक्त खात्री करायला म्हणे, आणि प्रत्येक वेळी एक स्लॉट फुकट घालवतोय.